दया आणि देणं

आपल्यासाठी लढलेल्या परक्या माणसाचं करायचं काय, हा प्रश्न आपल्या पोरांत सारखा निघतो. शिबिरात निघतो, वसतिगृहाच्या खोलीत निघतो, टपरीवर तर निघतोच. एक गट म्हणतो, आपली लढाई आपण लढू, पाठीवरून हात फिरवणारे पुष्कळ बघितले. दुसरा म्हणतो, अरे, महाडला मनुस्मृती जाळायचा ठराव सहस्रबुद्ध्यांनी मांडला होता, बामणाच्या पोटचा माणूस, त्याला कुठं बसवता? मग आवाज चढतात, चहा गार होतो आणि प्रश्न होता तिथंच राहतो.

मला या भांडणात एक माणूस आणून उभा करायचाय. थॅडियस स्टीव्हन्स. अमेरिकेतला गोरा वकील, आधी पेनसिल्व्हेनिया राज्याच्या विधिमंडळात आणि पुढं तिथल्या काँग्रेसमध्ये, म्हणजे देशाच्या कायदेमंडळात, निवडून गेलेला. जोतीरावांनी 1873 साली ‘गुलामगिरी’ छापली आणि ती अमेरिकेत काळ्या गुलामांची सुटका करणाऱ्या लोकांना अर्पण केली. त्या अर्पणपत्रिकेत कुणा एकाचं नाव नाही. पण एक नाव घालायचंच झालं तर मी लिंकनच्या आधी या लंगड्या म्हाताऱ्याचं घातलं असतं. का, ते सांगतो. पण आधी त्याच्यावरचा आरोप सांगतो, कारण आपली पोरं तिथूनच सुरुवात करणार आणि तशी करायलाही पाहिजे.

माणूस गरिबीतला. 1792 साली व्हरमाँट राज्यातल्या डॅनव्हिल गावी जन्मला, एक पाय जन्मापासून वाकडा. बाप जोडे शिवायचा. (तिथं जोडे शिवणं हा धंदा आहे, जात नाही. चांभाराचा पोरगा वकील झाला तर विहीर बाटत नाही.) बाप घर सोडून गेला, आईनं राबून पोरं वाढवली. हा शिकला, पेनसिल्व्हेनियात आला, आधी मास्तरकी केली आणि 1816 साली गेटिसबर्ग गावात वकिली सुरू केली. गेटिसबर्ग म्हणजे सरहद्दीवरचं गाव. खाली काही मैलांवर मेरीलँड, तिथं गुलामी कायदेशीर. वर पेनसिल्व्हेनिया, तिथं 1780 साली गुलामी हळूहळू बंद करायचा कायदा झालेला. त्या कायद्यात एक कलम होतं. बाहेरच्या मालकानं आपला गुलाम या राज्यात आणून सहा महिन्यांच्या वर ठेवला, तर तो गुलाम मोकळा.

चॅरिटी बटलर नावाची एक काळी बाई होती, मेरीलँडच्या मालकाची गुलाम. तिला तिच्या मालकिणीबरोबर पेनसिल्व्हेनियात यावं लागायचं, परत जावं लागायचं, पुन्हा यावं लागायचं. तिनं कोर्टात दावा लावला. या सगळ्या मुक्कामांचे दिवस मिळवा, म्हणाली, सहा महिन्यांच्या वर भरतात, मी मोकळी आहे आणि माझी पोरंही मोकळी आहेत. 1821 साली खटला राज्याच्या सुप्रीम कोर्टापुढं आला. मालकाच्या बाजूचा वकील होता थॅडियस स्टीव्हन्स. आणि तो जिंकला. कोर्टानं ठरवलं, तुटक तुटक दिवस मिळवता येणार नाहीत, सहा महिने सलग पाहिजेत. बाई आणि पोरं परत मालकाकडं.

हे शांतपणानं वाचा. इथं चाबूक नाही, साखळी नाही, शिवी नाही. एक हुशार पोरगेला वकील उभा राहतो, कायद्यातल्या एका शब्दाचा अर्थ लावतो आणि एका बाईचं आयुष्य त्या अर्थाखाली जातं. दिवस तिनंच काढलेले होते. ते मोजायचे कसे, हे मात्र दुसऱ्यांनी ठरवलं. आपल्याला ही गोष्ट परकी वाटायचं कारण नाही. जातीचा दाखला, सातबारा, ‘सार्वजनिक जागी घडलं का’ हा ॲट्रॉसिटीतला सवाल, असे किती खटले आपण बघतो की ज्यात घडलं काय ते सगळ्यांना ठाऊक असतं आणि तरी मोजणीत माणूस हरतो.

आता दुसरा गट म्हणेल, पण पुढं तो बदलला ना! बदलला. 1823 सालच्या 4 जुलैला, त्यांच्या स्वातंत्र्यदिनी, त्यानं भर मेजवानीत गुलामीविरुद्ध शब्द काढले. राज्याच्या विधिमंडळात गेल्यावर 1835 साली त्यानं गरिबांच्या मोफत शाळांचा कायदा वाचवला. सिनेटनं तो रद्द करायला मंजुरी देऊन टाकली होती, याच्या एका भाषणानं सभागृह फिरलं. 1838 साली राज्याची नवी घटना लिहिताना मताच्या हक्कात ‘गोरा’ हा शब्द घुसडून काळ्यांचं मत काढून घेतलं, तेव्हा यानं त्या घटनेवर सही करायला नकार दिला. पळून आलेल्या गुलामांचे खटले चालवले. 1851 साली क्रिस्तियाना गावात विल्यम पार्कर या स्वतः पळून आलेल्या काळ्या माणसानं आणि त्याच्या सोबत्यांनी, गुलाम धरायला आलेल्या मेरीलँडच्या मालकाला बंदुकीनं उत्तर दिलं. मालक मेला. सरकारनं 38 जणांवर देशद्रोहाचा आरोप ठेवला. बचावाच्या वकिलांत स्टीव्हन्स होता, आणि पहिल्याच खटल्यात ज्यूरीनं आरोपीला निर्दोष सोडलं. तीस वर्षांपूर्वी तो मेरीलँडच्या मालकाच्या बाजूनं उभा होता. आता त्याच मेरीलँडच्या मालकाला मारल्याचा आरोप असलेल्यांच्या बाजूनं.

मग फिटलं का?

माझं उत्तर, नाही. क्रिस्तियानाच्या आरोपींना दिलेलं चॅरिटीला पोचत नाही. देणं हे माणसाचं माणसाला असतं, एका घरचं कर्ज दुसऱ्याच घरी नेऊन फेडता येत नाही. आपल्याकडं पापाचं आणि पुण्याचं एकच खातं असतं, इकडचं तिकडं वळतं करता येतं, गंगेत बुडी मारली की बाकी शून्य. ही सगळी भटजीची हिशोबवही आहे. आपण ती टाकून दिली. बुद्धाच्या वाटेनं गेलेल्या माणसाला कर्म म्हणजे काय ते ठाऊक आहे, केलेलं न केलेलं होत नाही. तेव्हा चॅरिटी बटलरचं नाव स्टीव्हन्सच्या नावाबरोबर कायम यावं, असं मला वाटतं. पण यावरून पहिला गट म्हणतो तसं ‘म्हणून तो आपला नव्हे’ हेही निघत नाही. त्याला मोजायचं दुसरं एक माप आहे आणि ते त्यानं स्वतःच पुढं केलं. ते माप जमिनीचं.

यादवी युद्ध संपत आलं तेव्हाची गोष्ट. 12 जानेवारी 1865 रोजी सवाना शहरात जनरल शर्मन आणि युद्धमंत्री स्टँटन यांनी काळ्या समाजातल्या वीस धर्मोपदेशकांना आणि पुढाऱ्यांना बोलावून विचारलं, तुम्हाला काय पाहिजे? त्यांच्या वतीनं बोलला गॅरिसन फ्रेझर, 67 वर्षांचा म्हातारा, ज्यानं आपली आणि बायकोची सुटका आठ वर्षांपूर्वी हजार डॉलर मोजून विकत घेतली होती. त्यानं दया मागितली नाही, धान्य मागितलं नाही. जमीन द्या, ती आमच्या हातांनी कसू, म्हणजे आमचं आम्ही बघू, या अर्थाचं तो बोलला. चार दिवसांनी शर्मनचा हुकूम निघाला. दक्षिणेच्या किनाऱ्यालगतची, मालक पळून गेलेली जमीन, दर कुटुंबाला 40 एकरांपर्यंत. काही महिन्यांत सुमारे 40,000 माणसं सुमारे 4 लाख एकरांवर जाऊन बसली. नांगरलं, पेरलं.

मग लिंकनचा खून झाला आणि अँड्र्यू जॉन्सन अध्यक्ष झाला. त्यानं बंडखोर मालकांना माफी द्यायला सुरुवात केली, आणि माफीबरोबर जमीनही परत. ऑक्टोबर 1865 मध्ये जनरल हॉवर्ड दक्षिण कॅरोलिनातल्या एडिस्टो बेटावर हे सांगायला गेला, की तुमच्या जुन्या मालकांना क्षमा करा आणि जमीन सोडा. तिथल्या लोकांनी त्याला लेखी उत्तर दिलं. उत्तराचा मतलब असा: ज्यानं मला झाडाला बांधून 39 फटके मारले, माझ्या आईला-बहिणीला नागवं करून झोडलं, आणि आता त्याचं शेत पिकवल्याशिवाय रिकाम्या खोपटातसुद्धा राहू देत नाही, त्याला क्षमा करणं मला जमायचं नाही. क्षमेवर मी बरीच पुस्तकं चाळली आहेत. या अर्जाच्या जवळ जाईल असं एकातही मिळालं नाही. ज्याचं घेतलं ते अजून ज्याच्या खिशात आहे, तो क्षमा मागतो म्हणजे काय मागतो? पावती मागतो. पैसे न देता पावती.

याच वर्षी, एडिस्टोच्या महिनाभर आधी, 6 सप्टेंबर 1865 रोजी स्टीव्हन्स लँकेस्टरला आपल्या मतदारांपुढं उभा राहिला आणि त्यानं आकडे मांडले. बंडातल्या बड्या जमीनदारांची मालमत्ता जप्त करा. ज्यांच्याकडं 200 एकरांच्या वर जमीन किंवा 10,000 डॉलरच्या वर मालमत्ता आहे, त्यांचीच. दक्षिणेतल्या दहातल्या नऊ माणसांना हात लागत नाही. तरी 39 कोटी 40 लाख एकर हाती येतात. मोकळे झालेले प्रौढ काळे पुरुष दहा लाख धरा, प्रत्येकी 40 एकर द्या, झाले 4 कोटी. उरलेली विका, त्यातून युद्धाचं कर्ज फेडा.

हा तोच वकील, ज्यानं चॅरिटीचे दिवस मिळवू दिले नाहीत. आता तो एकर मिळवत होता. त्याच्या मनात ती बाई होती का, ते मी सांगू शकत नाही आणि मला त्याची गरजही वाटत नाही. त्याचा हेतू सोवळा होता असंही नाही. काळ्यांच्या मतांवर आपला पक्ष सत्तेत राहील, हे तो उघड बोलायचा. उरलेल्या जमिनीचा पैसा सरकारी खजिन्यात यावा ही त्याची नजर होती. बंडखोर सैन्यानं 1863 साली त्याचा लोखंडाचा कारखाना जाळला होता, त्याचा रागही असणार. असू द्या. हेतू शुद्ध आहे का, हा प्रश्न भक्तांनी विचारावा. ज्याच्या पोटाला भाकर नाही त्यानं विचारायचं, की समोरच्यानं नेमकं काय मागितलं, किती मागितलं, आणि ते कुणाच्या खिशातून काढायला निघाला.

इथं दया आणि देणं यांतला फरक आहे. दया देणाऱ्याच्या मर्जीनं येते. तिचा आकडा नसतो, तिला मुदत नसते, आणि ती मिळाल्यावर मान खाली घालून उभं राहावं लागतं. देण्याला आकडा असतो. ज्याला ते मिळतं त्यानं आभार मानायचं कारण नसतं. त्या काळातले गुलामीविरोधी गोरे भरपूर होते. रडणारे होते, कविता करणारे होते, काळ्यांच्या आत्म्याची काळजी वाहणारे तर रग्गड. पण कुणाच्या किती एकरांवर जप्ती आणायची हे बोलायची वेळ आली, की सभागृहात बाकं रिकामी. फेब्रुवारी 1866 मध्ये काँग्रेसच्या प्रतिनिधीगृहात स्टीव्हन्सनं जप्त जमीन वाटायची दुरुस्ती मांडली. बाजूनं 37, विरोधात 126. विरोधात नुसते मालकांचे मित्र नव्हते. त्याच्या स्वतःच्या पक्षाचे, गुलामीविरुद्ध जन्मभर बोललेले लोक होते. आज कापसाच्या मळ्याची मालकी मोडली, तर उद्या आमच्या गिरणीची मोडतील, ही धास्ती उत्तरेतल्या भांडवलवाल्यांना आणि त्यांच्या वर्तमानपत्रांना होती. मालमत्ता पवित्र! चार वर्षांपूर्वी माणसं मालमत्ता होती, तेव्हाही ती पवित्रच होती.

आणि गंमत बघा, भरपाई ही कल्पना त्यांना ठाऊक नव्हती असं मुळीच नाही. एप्रिल 1862 मध्ये वॉशिंग्टन शहरातली गुलामी बंद झाली, सुमारे 3,000 माणसं सुटली. तेव्हा सरकारनं दर गुलामामागं 300 डॉलरपर्यंत भरपाई दिली. कुणाला? मालकाला. राबलेल्याला राबल्याबद्दल काही नाही, राबवणाऱ्याला राबवणं थांबवल्याबद्दल पैसे. आपल्याकडं महारवतनं 1958 च्या कायद्यानं खालसा झाली, तेव्हा येसकरकीच्या पिढ्यांनी ज्या जमिनीची किंमत आधीच आपल्या पाठीनं चुकवली होती, ती आपल्या नावावर परत करून घ्यायला वतनदाराला कब्जेहक्काची रक्कम भरायला सांगितली. माझ्या आज्याला ती भरता आली ती म्हैस विकून. भावकीतल्या कितीकांना भरता आली नाही. त्या जमिनीवर आज कुणाचे बंगले आहेत, ते आपापल्या गावात जाऊन बघा.

आता दुसरा प्रश्न, जो मला जास्त छळतो. तडजोडीचा.

स्टीव्हन्सला लोक हटवादी म्हणतात. तो हटवादी असता तर हिशोब सोपा होता. जानेवारी 1865 मध्ये गुलामी कायमची बंद करणारी तेरावी घटनादुरुस्ती सभागृहापुढं होती. विरोधक त्याला डिवचत होते, की बोल, काळा आणि गोरा सगळ्या बाबतींत समान आहेत असं तू मानतोस ना? होय म्हणाला असता तर काठावरची मतं गेली असती. तो म्हणाला, मी सगळ्या बाबतींतली समता मानत नाही, कायद्यापुढची समता मानतो. 2012 साली आलेल्या ‘लिंकन’ सिनेमात हा प्रसंग आहे, पुष्कळांनी पाहिला असेल. दुरुस्ती 31 जानेवारीला पास झाली. पुढच्या वर्षी, 13 जून 1866 रोजी, चौदावी दुरुस्ती. तिच्यात कायद्याचं समान संरक्षण आलं, पण काळ्यांना मत दिलंच पाहिजे असं काही आलं नाही. न देणाऱ्या राज्याच्या जागा कमी होतील, एवढंच. स्टीव्हन्सनं भाषण केलं, की जुन्या अन्यायाचा लवलेश न ठेवता नव्यानं इमारत बांधायचं माझं स्वप्न होतं, ते गेलं, आता जुन्याच इमारतीची डागडुजी करावी लागणार. तरी मी हे स्वीकारतो, कारण मी देवदूतांत राहत नाही, माणसांत राहतो. अशा अर्थाचं बोलला आणि मत दिलं.

कुणी म्हणेल, शहाणा माणूस. त्या अर्ध्यामुर्ध्या दुरुस्तीच्या आधारावरच 1954 साली अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं शाळांमधला काळा-गोरा भेद बेकायदा ठरवला. खरं आहे. पण 1866 ते 1954 ही 88 वर्षं कुणी काढली? स्टीव्हन्स अर्ध्यावर राजी झाला, तो उरलेलं अर्धं कुणाच्या ताटातून गेलं? त्या दिवशी काँग्रेसमध्ये एकही काळा सभासद नव्हता. पहिले काळे सभासद आले 1870 साली, स्टीव्हन्स मेल्यावर दोन वर्षांनी. म्हणजे ज्यांच्या भाकरीची वाटणी चालली होती त्यांतलं कुणी ताटाजवळ नव्हतं. मला परक्या माणसाची मर्यादा दिसते ती इथं. त्याचं मन लहान होतं म्हणून नव्हे. तडजोड करायची वेळ आली तेव्हा किंमत त्याच्या अंगावरची नव्हती.

बाबासाहेबांनीही तडजोडी केल्या. 24 सप्टेंबर 1932 चा पुणे करार आठवा. सही करताना त्यांच्यावर काय दाब होता, ते सगळ्यांना माहीत आहे. पण ती सही करणारा माणूस स्वतः अस्पृश्य होता, त्या कराराचं जे होईल ते त्याच्याही अंगावर येणार होतं. आणि पुढं त्यांनी त्या करारावर इतकं कठोर लिहिलं की दुसऱ्या कुणी लिहू नये. अर्ध्यावर राजी व्हायचा हक्क असलाच, तर तो ज्याचं अर्धं जाणार आहे त्याचा आहे. परक्यानं पुरं मागत राहावं. एवढीच त्याच्याकडून अपेक्षा करता येते, आणि ती काही लहानसहान नव्हे.

स्टीव्हन्सच्या बाजूनं मी एवढं मात्र म्हणेन. शब्दांत तो मागं सरला, मतांत मागं सरला, जमिनीवरून सरला नाही. डिसेंबर 1865 मध्ये तो काँग्रेसमध्ये म्हणाला होता, की या लोकांना घरासाठी जमीन आणि भोवती कायद्याचं कुंपण देणार नसाल तर त्यांना गुलामीत ठेवलेलं बरं होतं. मार्च 1867 मध्ये, पंचाहत्तरीला टेकलेला, आजारी, त्यानं 40 एकरांचं बिल पुन्हा मांडलं. पास होणार नाही हे त्याला कळत नव्हतं असं कोण म्हणेल? ते मतदानापर्यंतसुद्धा गेलं नाही. वर्षभरानं जॉन्सनला काढून टाकायचा महाभियोग उभा राहिला, तेव्हा याला खुर्चीत बसवून उचलून सभागृहात न्यावं लागायचं. सिनेटमध्ये एका मतानं तोही हुकला.

बाबासाहेबांनी 1947 साली ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’मध्ये याच्या पुढचं मागितलं. जमीन राज्याची, आणि जातपात न बघता गावकऱ्यांनी सामुदायिक शेती करायची. 1949 साली घटना देताना त्यांनी बजावलं, की मताला समता आणि पोटाला विषमता हे फार दिवस चालायचं नाही. दादासाहेब गायकवाडांनी 1959 ला आणि पुन्हा 1964 ला भूमिहीनांना घेऊन तुरुंग भरले. स्टीव्हन्सचं नाव यातल्या कुणाला उच्चारायची गरज पडली नाही. प्रश्न सारखा होता म्हणून मागणी सारखी आली.

अमेरिकेनं त्याला पुष्कळ वर्षं राक्षस म्हणून रंगवला. 1915 साली ‘बर्थ ऑफ अ नेशन’ नावाचा, कू क्लक्स क्लॅनला शूर ठरवणारा सिनेमा आला. त्यातला दुष्ट, लंगडा पुढारी याच्यावरूनच घेतलेला. त्याच्या घरचा कारभार बघणारी लिडिया हॅमिल्टन स्मिथ, मिश्र वंशाची विधवा, तिच्यावरून तर त्याच्या हयातीतच कुजबुज होती. शंभर वर्षं लोक त्या दोघांच्या अंथरुणात डोकावत राहिले. या बाईनं स्वतःच्या हिमतीवर मालमत्ता केली, आणि स्टीव्हन्स मेल्यावर त्याचं राहतं घरच विकत घेतलं, हे सांगायला मात्र कुणाला फुरसत नव्हती.

तो गेला 11 ऑगस्ट 1868 रोजी. कॅपिटॉलच्या घुमटाखाली त्याचं शव ठेवलं होतं तेव्हा पहाऱ्याला काळे शिपाई उभे होते. लँकेस्टरच्या चांगल्या दफनभूमींत काळ्यांना जागा नव्हती, म्हणून त्यानं तिथं जागा घेतली नाही. जिथं रंगाची अट नव्हती अशी एक लहान दफनभूमी त्यानं जिवंतपणीच निवडली, आणि हे कारण आपल्या थडग्यावर कोरायला सांगितलं.

दक्षिणेत त्या सालचा कापूस वेचायला आला होता. वेचणारे मोकळे होते. बियाणं मालकाचं, बैल मालकाचे, उधारीचं दुकान मालकाचं, आणि पीक विकल्यावर वाटा किती निघाला ते सांगणारी वहीही मालकाच्याच हातात.